राजदत्त, तिफण आणि सावकार

दूरदर्शनवर 'गोट्या' ही मालिका ज्यांनी बघितली आहे त्यांनी जरा हात वर करा! ना. धों. ताम्हनकरांचा पुस्तकातला तो पोरगा १९९० साली घराघरांत पोचला. त्याच्या अकरा वर्षं आधी 'अष्टविनायक' (१९७९) आला होता, आणि त्याची गाणी अजून गणपतीच्या मांडवात वाजतात. दोन्हींचा दिग्दर्शक एकच, राजदत्त. आणि आमच्या वऱ्हाडातल्या नव्या पिढीला बहुतेक ठाऊक नसतं ते म्हणजे, हा माणूस आपला आहे. अमरावती जिल्ह्यातल्या धामणगावचा. जन्म १९३२ चा, मूळ नाव दत्तात्रय अंबादास मायाळू.

वास्तववादी सिनेमा असा विषय निघाला की नेहमीची नावं येतात. श्याम बेनेगल, गोविंद निहलानी, आपल्याकडे जब्बार पटेल, आणि आता नागराज मंजुळे. राजदत्तांचं नाव या यादीत कुणी घेत नाही. त्यांना लोक 'कौटुंबिक चित्रपटांचे दिग्दर्शक' म्हणतात, आणि ते खोटंही नाही. पण त्यांच्या कारकिर्दीत १९८१ ते १९८६ अशी पाचसहा वर्षं आहेत की ज्यात या माणसाने सावकारी, वेठबिगारी आणि हुंडा या तीन विषयांवर तीन सिनेमे केले. ही वर्षं मला फार दिवस खुणावत आहेत. आज त्याबद्दल लिहितो. जरा लांबेल, पण सांभाळून घ्या.

आधी थोडं धामणगावबद्दल, कारण गाव समजल्याशिवाय पुढचं समजणार नाही. बडनेऱ्याहून वर्ध्याकडे जाताना मेन लाइनवर धामणगाव लागतं. गावाच्या नावापुढे 'रेल्वे' लावायची पद्धत आहे, धामणगाव रेल्वे. १८६७ साली ही लाइन नागपूरपर्यंत पोचली ती मुख्यतः कापसासाठी. अमेरिकेत यादवी युद्ध (१८६१ ते १८६५) पेटलं, तिकडचा कापूस इंग्लंडला मिळेना, आणि वऱ्हाडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. 'वऱ्हाड, सोन्याची कुऱ्हाड' हे आपण अभिमानाने म्हणतो. पण कापूस हे विकायचं पीक, घरात खायचं नाही. बियाण्याला पैसा, निंदणाला पैसा, वेचणीला पैसा, आणि हातात येणार तो दिवाळीनंतर. मधल्या महिन्यांत शेतकरी जायचा कुणाकडे? युद्ध संपलं, भाव उतरले, मग १८९६-९७ आणि १८९९-१९०० चे दुष्काळ आले. जिनिंग-प्रेसिंगच्या गावांत सावकाराची पेढी ठरलेलीच. राजदत्त जन्मले ते अशा मुलखात.

त्यांनी पुढे मद्रासला जाऊन 'चांदोबा' मासिकात काम केलं, आणि मग राजा परांजप्यांकडे साहाय्यक म्हणून उमेदवारी केली. ('लाखाची गोष्ट', 'जगाच्या पाठीवर' वाले राजाभाऊ.) गुरूच्या नावातला 'राजा' आणि स्वतःच्या नावातला 'दत्त' जोडून 'राजदत्त' झालं. १९६७ साली पहिला सिनेमा 'मधुचंद्र', काशिनाथ घाणेकर आणि उमा यांचा. नव्या जोडप्याची हलकीफुलकी गोष्ट. पुढची दहा वर्षं 'घरची राणी', 'अपराध', 'धाकटी बहीण', 'या सुखांनो या' असेच सिनेमे. नावं वाचूनच कळतं, घर, बहीण, सुख, अश्रू. स्वच्छ आणि नेटकं काम. पण त्यात धामणगाव शोधून सापडत नाही.

ते सापडायला लागतं १९७७ साली, 'देवकीनंदन गोपाला'मध्ये. हा गाडगेबाबांवरचा सिनेमा. बाबा झाले डॉ. श्रीराम लागू. देवाला रिटायर करा म्हणणारे लागू आणि देवळात न रमणारे गाडगेबाबा, ही जोडी कुणी जुळवली असेल त्याला नमस्कार!

गाडगेबाबा म्हणजे डेबूजी झिंगराजी जाणोरकर. जन्म १८७६, अंजनगाव सुर्जीजवळच्या शेंडगावचा. बाप दारूने गेला. आई सखूबाई पोराला घेऊन माहेरी आली, मूर्तिजापूर तालुक्यात दापुऱ्याला. म्हणजे जन्म अमरावती जिल्ह्यात आणि वाढ अकोला जिल्ह्यात. दापुऱ्यात मामाची जमीन होती. ती सावकाराच्या घशात गेली आणि मामा खचले. तरुण डेबूजी त्या जमिनीसाठी सावकाराशी कसा भिडला, हे बाबांच्या चरित्रांत सविस्तर आहे. १९०५ साली त्यांनी घर सोडलं. पुढची पन्नास वर्षं दिवसा हातात खराटा आणि रात्री कीर्तन. आणि कीर्तनात काय? कर्ज काढून सण करू नका. हुंडा देऊ नका, घेऊ नका. शिवाशिव पाळू नका. दारू पिऊ नका. पोरांना शाळेत घाला, हवं तर जेवायचं ताट विका. हा माणूस घर सोडून गेला खरा, पण मामाच्या घरातला हिशोब त्याने आयुष्यभर सोडला नाही.

आता ही यादी आणि राजदत्तांचे नंतरचे सिनेमे शेजारी ठेवून बघा. 'अरे संसार संसार' (१९८१), विषय सावकार आणि शेतकरी. 'शापित' (१९८२), विषय वेठबिगारी. 'पुढचं पाऊल' (१९८५-८६), विषय हुंडा. मी काही राजदत्तांना भेटून विचारलेलं नाही, त्यामुळे हे त्यांनी ठरवून केलं असं म्हणणार नाही. पण गाडगेबाबांच्या कीर्तनाला बसलेला कुणीही वऱ्हाडी माणूस सांगेल, की हे विषय त्याने आधी कुठे ऐकले होते.

आता एकेक घेऊ.

'अरे संसार संसार'मध्ये रंजना आणि कुलदीप पवार. सावकाराच्या फासात अडकलेलं शेतकरी कुटुंब आणि संसार स्वतःच्या खांद्यावर घेणारी बायको. मराठी सिनेमाला हा विषय नवा नव्हता. १९२५ साली कोल्हापूरला बाबूराव पेंटरांनी 'सावकारी पाश' हा मूकपट केला होता. जमीन गेलेला शेतकरी शहरात गिरणीवर मजुरीला जातो, अशी ती गोष्ट, आणि तरुण शेतकरी झाले होते व्ही. शांताराम. त्यानंतर आपल्या पडद्यावर सावकार कायमचाच मुक्कामाला आला. धोतर, टोपी, मिशी, चोपडी आणि वाईट नजर.

आमच्याकडे 'अरे संसार संसार' टीव्हीवर लागला होता तेव्हाची गोष्ट. आमची एक आत्या, अकोल्याकडची, पूर्ण सिनेमा डोळ्यांत पाणी आणून बघत होती. रंजनाचं सगळं तिला पटत होतं. पण सावकार ओरडायला लागला तशी ती म्हणाली, "आमचा सावकार काई असा डोये वटारत नव्हता बाप्पा. मोठा गोड बोले. चहा पाजे, पोरीच्या लग्नाची चौकशी करे, आन् मंग हयूच कागद पुढे करे." तिच्या माहेरची साडेचार एकरं अशीच चहा पिता पिता गेली होती.

मला हे वाक्य कुठल्याही समीक्षेपेक्षा जास्त शिकवून गेलं. खरा सावकार गावचाच असतो, अडीनडीला तोच उभा राहतो, रात्री दवाखान्यात न्यायला गाडी त्याचीच असते. म्हणून तर त्याच्याशी भांडता येत नाही. पडद्यावरच्या सावकाराला शेवटी मारता येतं, आणि प्रेक्षक मोकळा होऊन घरी जातो. राजदत्त राजाभाऊंच्या तालमीतले, प्रेक्षकाला मोकळं करून पाठवणं हा त्या तालमीचा धर्म. त्यामुळे सावकाराच्या बाबतीत हा सिनेमा खरा उतरत नाही, असं मला वाटतं. बाईच्या बाबतीत मात्र उतरतो. आत्याने तेच सांगितलं होतं, तिच्या पद्धतीने.

आणि आणखी एका जागी उतरतो, ती म्हणजे 'काळ्या मातीत मातीत' हे गाणं. लिहिलंय अकोल्याचे कवी विठ्ठल वाघ यांनी, संगीत अनिल-अरुण, आवाज सुरेश वाडकर आणि अनुराधा पौडवाल. हे गाणं आता महाराष्ट्रभर शाळेच्या गॅदरिंगमध्ये नाचतं. पण त्यात जी तिफण आहे ती जरा थांबून बघा. तिकडे देशावर पेरणीच्या अवजाराला पाभर म्हणतात, आमच्याकडे तिफण. तीन फणांची म्हणून तिफण. पुढे बैल, आणि मागे चाड्यावर मूठ धरून बाई चालते. मूठ जरा सैल पडली की बी दाट पडतं, आवळली की ओळ फुटते. पूर्ण हंगामाचं भवितव्य त्या बाईच्या मुठीत, आणि सातबाऱ्यावर तिचं नाव नाही.

त्या काळात मराठी सिनेमातलं खेडं म्हणजे कोल्हापूरच्या आसपासचं. स्टुडिओ तिथे, कलावंत तिथले, त्यामुळे शेतकरी पण सातारी-कोल्हापुरी बोलायचा. आमच्या टॉकीजमध्ये बसून आम्ही आमचं दुःख कोल्हापुरीत ऐकायचो आणि त्यात काही खटकायचंही नाही, एवढी सवय झाली होती. त्यात वऱ्हाडातल्या दिग्दर्शकाच्या सिनेमात वऱ्हाडातल्या कवीचं गाणं आलं आणि शिवारातला शब्द शिवारातल्याच ठसक्यात पडद्यावर गेला. एवढीशीच जागा, पण अस्सल.

पुढच्याच वर्षी 'शापित'. याचे दिग्दर्शक दोघे, अरविंद देशपांडे आणि राजदत्त. देशपांडे म्हणजे 'शांतता! कोर्ट चालू आहे' रंगमंचावर आणणारे. एक समांतर रंगभूमीचा माणूस आणि एक 'अष्टविनायक'वाला माणूस, असे दोघे मिळून वेठबिगारीवर सिनेमा करतात, हे आज ऐकायला नवल वाटतं. वेठबिगारी बंद करणारा कायदा १९७६ साली झाला होता. कागदावर वेठबिगारी संपलेली होती. दोनच वर्षं आधी निहलानींचा 'आक्रोश' (१९८०) आला होता, तेंडुलकरांनी लिहिलेला, ज्यात ओम पुरी बहुतेक सिनेमाभर गप्प असतो. 'शापित'मध्ये यशवंत दत्त, निळू फुले आणि मधू कांबीकर. तमाशातून आलेल्या मधू कांबीकरांचं नाव खऱ्या अर्थाने झालं ते इथून.

'शापित' ज्यांनी बघितलाय त्यांना मी सांगतोय ते पटेल. यात 'अरे संसार'सारखी सोय नाही. एका वाईट माणसाला दूर केलं की प्रश्न सुटला, असं इथे होत नाही, कारण इथे रीतच वाईट आहे आणि ती अख्ख्या गावाला मान्य आहे. आपल्याकडे सालदार ठेवायची पद्धत सगळ्यांनी बघितली आहे. गुढीपाडव्याला साल ठरायचं, पोरीच्या लग्नासाठी उचल घेतलेली असायची, ती वर्षात फिटायची नाही, म्हणून पुढच्या वर्षी पुन्हा तिथेच. सगळे सालदार वेठबिगार होते असं म्हणणं अन्यायाचं होईल, चांगले मालकही होते. पण उचल कुठे संपते आणि वेठ कुठे सुरू होते ही रेघ फार पुसट होती. आपल्या घरांतले काही लोक मालकाच्या बाजूला होते, हेही आपण आपल्यात तरी बोलायला पाहिजे. 'शापित'ला त्या वर्षीचा सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

मग 'पुढचं पाऊल'. हुंड्यासाठी सासरी होणारा सुनेचा छळ. १९८३ साली भारतीय दंड विधानात ४९८-अ कलम आलं होतं. वर्तमानपत्रात रोज 'स्टोव्हचा भडका' अशी बातमी यायची, आणि भडका नेहमी सुनेच्याच अंगावर कसा येतो हे कुणी विचारायचं नाही. याही सिनेमाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि पुढे शिवकाळातल्या 'सर्जा'लाही (१९८७).

या तिन्ही सिनेमांत रडारड आहे, पार्श्वसंगीत जोरात आहे, योगायोग आहेत. आजच्या नजरेला ते बटबटीत वाटतील. कॅमेरा हातात धरून हलवला, अंधार ठेवला, शिव्या घातल्या की वास्तव झालं असं मानणाऱ्यांना हे वास्तव वाटणारच नाही. पण कर्ज घरात शिरलं की ते कुणाच्या अंगावर जातं, या प्रश्नाचं उत्तर राजदत्तांनी तिन्ही वेळेला एकच दिलं. बाईच्या. कर्ज पुरुषाच्या नावावर असतं, आणि फेडते ती. कुणी मंगळसूत्र विकून फेडते, कुणी शरीराने, कुणी जिवाने. कीर्तनकारालाही बटबटीत बोलावं लागतं, कारण मागे बसलेल्यालाही ऐकू गेलं पाहिजे. गाडगेबाबांचं शेवटच्या दिवसांतलं एक कीर्तन, १९५६ च्या नोव्हेंबरात मुंबईत वांद्र्याला झालेलं, ध्वनिमुद्रित आहे. ते ऐका. बाबा साधे प्रश्न विचारतात, लोकांकडून उत्तर वदवून घेतात, तेच तेच पुन्हा विचारतात. राजदत्तांची धाटणी मला तिच्या जवळची वाटते.

पण मग प्रश्न राहतो तो सावकाराचा. कारण राजदत्त हे सिनेमे करत होते तेव्हाच बाहेर कर्जाचा चेहरा बदलत होता. १९७२ पासून राज्यात कापूस एकाधिकार खरेदी सुरू झाली होती, म्हणजे कापसाचा भाव सरकार ठरवणार. ऐंशीच्या दशकात शरद जोशींची शेतकरी संघटना विदर्भात पसरली आणि त्यांनी एक सरळ गोष्ट सांगितली, की शेतकरी कर्जबाजारी आहे कारण त्याच्या मालाला भाव मिळू दिला जात नाही. २००२ साली बीटी कापूस आला, बियाण्याची पिशवी दरवर्षी विकत आणायची वेळ आली. आणि मग त्या बातम्या. २००६ साली पंतप्रधान मनमोहन सिंग विदर्भात आले आणि अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलढाणा, वाशीम, वर्धा या सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटींचं पॅकेज जाहीर झालं. मेलेल्याच्या घरी एक लाख, पण आत्महत्या 'पात्र' ठरली तर. जमीन कुणाच्या नावावर, कर्ज कुणाचं, लायसन असलेल्या सावकाराचं की बिनलायसनचं... मेल्यावरही अर्ज भरायचा आणि तो भरणार बायको.

यावर २००९ साली सतीश मनवर यांनी 'गाभ्रीचा पाऊस' केला. (गाभ्रीचा ही आमच्याकडची शिवी आहे, मुंबई-पुण्याच्या वाचकांनी अर्थ आपापल्या जबाबदारीवर विचारावा.) गिरीश कुलकर्णीचा किसना, सोनाली कुलकर्णीची अलका, ज्योती सुभाष सासू. शेजारच्या शेतकऱ्याने जीव दिलाय, आणि अलकाला धास्ती बसते की आपला नवराही असंच काही करेल. मग ती पोराला बापाच्या मागे लावते, सासूला लक्ष ठेवायला सांगते, घरात काही नसताना पुरणपोळी करते. त्याने खूश राहावं म्हणून! तो बिचारा फक्त पाऊस कधी येतो या काळजीत असतो आणि सगळे आपल्यामागे का फिरताहेत हे त्याला कळत नाही. आपण हसतो, आणि हसता हसता घशाशी येतं.

या सिनेमात डोळे वटारणारा सावकार नाही. माणसं वऱ्हाडी बोलतात आणि ते विनोदासाठी नसतं. १९२५ पासून पडद्यावर असलेला खलनायक निघून गेला, आणि तो गेल्यावर गोष्ट सोपी झाली नाही, जास्त भीतीची झाली. मारायचं कुणाला? पावसाला? भावाला? आत्याने जे सांगितलं होतं, ते पडद्यावर यायला इतकी वर्षं लागली.

पण अलका कुठून आली? मला तरी ती रंजनाची पुढची पिढी वाटते. तिफणीच्या मागे चाड्यावर मूठ धरून चालणारी बाई चुलीपाशी येऊन नवऱ्याकडे लक्ष ठेवून बसली आहे, एवढाच फरक. मनवरांनी ज्या जमिनीवर पेरणी केली ती आधी कुणीतरी वखरून ठेवली होती, आणि वखरणारा धामणगावचा होता, असं म्हणायला मला आवडतं. मनवर हे मान्य करतील की नाही, देव जाणे.

२०२४ साली राजदत्तांना पद्मभूषण जाहीर झालं तेव्हा ते ९२ वर्षांचे होते. बातमीत 'अष्टविनायक' होता, 'मधुचंद्र' होता, 'गोट्या' होता. 'शापित' शेवटी कुठेतरी नावापुरता. धामणगाव बहुतेकांनी एका शब्दात उरकलं.

असो. नातेवाईक मंडळींना एक विनंती. घरात कुणी म्हातारं माणूस असेल, विशेषतः बाई, तर 'अरे संसार संसार' त्यांच्यासोबत बसून बघा. आणि सिनेमाकडे कमी, त्यांच्याकडे जास्त लक्ष द्या. सावकार आला की त्या काहीतरी बोलतील. ते लिहून ठेवा आणि मलाही कळवा. आमच्या आत्याचं एक वाक्य तेवढं माझ्याजवळ आहे, बाकीची तिची गोष्ट तिच्यासोबतच गेली.